ज्याच्या पिक्चरमध्ये कुणी मरायचं नाही

परवा दोन पोरी ब्लाउजचं माप द्यायला दुकानात आल्या. माप कसलं देतायत! एक हात वर, दुसऱ्या हातात मोबाइल आणि दोघी नुसत्या खिदळतायत. म्हटलं, काय गं, एवढं काय आहे त्यात? तर एकीनं मोबाइल थेट माझ्या नाकासमोर धरला. भुताचा पिक्चर. 'समाप्त'ची पाटी येऊन गेलेली आणि त्यानंतर एक माणूस पोत्यांच्या थप्पीपुढे उभा. केसाला तेल, चापून पाडलेला भांग, जोडलेले हात. म्हणतोय, "अम्मी, हम बिल्कुल ठीक हैं. खाना भी खा लिया है."

"काकू, असला येडा रायटर कुठे बघितलाय का हो?"

माझं डोकंच फिरलं. येडा म्हणे! अगं भवान्यांनो, त्या पिक्चरमधल्या हडळीचा झगा मी शिवलाय. आणि तो लिहिणारा माणूस या भिंतीच्या पलीकडे वीस-बावीस वर्षं राहिला. त्यांना म्हटलं, आता दसऱ्याच्या आत ब्लाउज मिळणार नाहीत, जा. पोरी गेल्या आणि मी कात्री हातात धरून कितीतरी वेळ एकटीच हसत बसले.

हरिश्चंद्र केणे त्यांचं नाव. मी केणेभाऊ म्हणायची, अख्खी गल्ली म्हणायची रायटर. आमच्या भिवंडीत रायटर म्हणजे पोलीस चौकीत तक्रार लिहून घेणारा शिपाई. त्यामुळे नवं बिऱ्हाड आलं की तिसऱ्या दिवशी कुणीतरी केणेभाऊंच्या दारात, "साहेब, आमची बकरी गेली." दुसरा कुणी असता तर म्हणाला असता, बाबा, मी तो नव्हे. केणेभाऊ खुर्ची द्यायचे. नीट सगळं ऐकून घ्यायचे. "मग पुढे काय झालं? बकरीचा रंग कोणता?" माणूस समाधानानं घरी जायचा, आणि चार महिन्यांनी पिक्चरमध्ये खविसाच्या मांडीवर काळी बकरी दिसायची.

पोटासाठी ते दापोड्याला एका ट्रान्सपोर्टमध्ये बिल्टी लिहायचे. कुठल्या ट्रकमध्ये कुठला माल, कुठून कुठे, हे सगळं लिहायचं ते बिल्टीवर. एकदा लिहिलं की कार्बननं खाली दोन प्रती आपोआप. पिक्चरचे सीनही ते त्याच बुकावर लिहायचे, रद्द झालेल्या पानांवर. वरची पांढरी प्रत डायरेक्टरला, गुलाबी हिरोला, आणि सगळ्यात खालची पिवळी व्हिलनला. आता कार्बन तिसऱ्या प्रतीपर्यंत पोचतो कुठे? व्हिलनला कधी अर्धं वाक्य दिसायचं, कधी नुसता काना-मात्रा. मग तो बिचारा अंदाजानं बोलायचा. "तुझ्या खानदानाला मी... हॅ हॅ हॅ!" लोकांना वाटायचं, काय खुनशी हसतो! अहो, त्याला पुढचं वाचता येत नव्हतं.

दिसायला काटकुळे, शर्टाच्या खिशात पेन आणि खडीसाखरेची पुडी, दंडाला काळा दोरा. काळा दोरा का? कारण हा भुतांचा रायटर भुताला जाम भ्यायचा. घरी एकटे असले की हडळ लिहायची नाही, हा नियम. भर उन्हात माझ्या दुकानाच्या पायरीवर बसून लिहायचे. माझी शिलाई मशीन चालू असली की त्यांना धीर यायचा. एखादा सीन फारच रंगला की चष्म्यावरून माझ्याकडे बघून म्हणायचे, "ताई, जरा घरापर्यंत येता का?" घर कुठे, तर भिंतीपलीकडे! मी मशीन थांबवून त्यांना त्यांच्या दारात सोडून यायची. आत मंजू, म्हणजे त्यांची बायको, भाकरी थापता थापता म्हणायची, "आणलंस का गं पोचवून? आज काय, हडळ की खवीस?"

मंजूनं नवऱ्याचा एकही पिक्चर पुरता बघितला नव्हता. म्हणायची, "रोज यांनाच बघते की, वेगळा पिक्चर कशाला?" आणि वर, "यांची भुतं माणसाला खात नाहीत गं, जेवायला वाढतात." हे मात्र शंभर टक्के खरं होतं. का खरं होतं, तेच सांगायचंय मला.

हे पिक्चर बनायचे कुठे, तर जवळच्या वळ गावात, दत्ताशेठच्या गोदामात. दत्ताशेठ म्हणजे जुने शेतकरी. भाताच्या जमिनीवर गोदामं उभी राहिली आणि शेठ झाले. पण शेठ झाले तरी हौस राहिली होती पडद्यावर यायची. एक भाडेकरू माल उचलून गेला आणि दुसऱ्याचा यायचा असला की मधले पंधरा-वीस दिवस गोदाम रिकामं. त्यात लग्नाचे मुहूर्त संपलेले असले की पप्पू व्हिडिओवाला मोकळा. पप्पू एरवी हळदीचं शूटिंग करायचा. हाच कॅमेरावाला, हाच डायरेक्टर. गोदाम रिकामं आणि पप्पू मोकळा, असा योग आला की दत्ताशेठचा फोन यायचा, "रायटर, भूत काढा!"

केणेभाऊंची गोष्ट सांगायची पद्धत ठरलेली. दोन्ही हात पसरायचे, डोळे मिटायचे आणि म्हणायचे, "समजा, वारा सुटलाय." गोदामात कुठला वारा? शटर बंद, वर पत्रा. मग हमाल उभा पंखा आणून लावायचे. माझ्या हडळीच्या झग्याला म्हणून मी खाली शिशाच्या गोळ्या शिवायची, नाहीतर पंख्यानं झगा उडून आतली हडळीची हाफ पँट दिसायची. हडळ म्हणजे पप्पूचा मावसभाऊ.

आणि डायलॉग पास व्हायचे ते अन्वरच्या लूमवर. अन्वर आमच्या मागच्या शेडमध्ये लूम, म्हणजे यंत्रमाग, चालवायचा, यूपीचा माणूस, सरळ आणि हसरा. केणेभाऊ त्याच्या लूमशेजारी उभे राहून डायलॉग म्हणायचे. चोवीस लूम खडाखड चाललेले. त्या आवाजातून अन्वरला ऐकू आला तर डायलॉग पास, नाहीतर कट. त्यामुळे त्यांच्या पिक्चरमध्ये सगळे ओरडून बोलतात. प्रेमाची कबुली ओरडून, कानगोष्ट ओरडून. एकदा हडळ हिरोच्या कानात कुजबुजते असा सीन होता, तर अन्वर म्हणाला, "केणेभाई, कुछ सुनाई नहीं दिया." झालं! हडळ कानाशी येऊन बोंबलली.

आता मरणाचं सांगते. पहिला पिक्चर 'गोदामातली हडळ'. दत्ताशेठ जुलमी सावकार झाले होते. हडळ त्यांचा गळा दाबते आणि सावकार मरतो, असा सीन. दत्ताशेठ पोत्यांवर आडवे, जीभ बाहेर, डोळे पांढरे. फार मन लावून मेले होते. तेवढ्यात शटरखालून वाकून जनीआय आत आली. जनीआय म्हणजे दत्ताशेठची आई. ऐंशीच्या घरातली, हातात काठी, डोक्यावर भाकरीचं गाठोडं, कारण पोरानं बाहेरचं खाल्लेलं तिला चालायचं नाही. तिनं पोराची जीभ बघितली आणि गाठोडं तिथेच टाकलं. हडळीच्या पाठीत काठी बसली, ती अजूनही पप्पूचा मावसभाऊ सांगतो.

सगळ्यांनी समजावलं. आय, खोटं आहे, पिक्चर आहे.

"खोटा मरन पन मरनच!" जनीआय म्हणाली. "माजे पोर्‍याला मेलेला दाखवशील तं गोदामाला टालं लावीन. हरी, तू लिवलास ना? तूच पूस."

केणेभाऊंनी तिथल्या तिथे खिशातून पेन काढलं. हडळ सावकाराचा गळा धरते आणि किंचाळते, "नीघ! सुरतेला जा!" सावकार पिशवी भरतो आणि सुरतेला जातो. शूटिंग झालं, पिक्चर झाला, गावदेवीच्या जत्रेत दाखवला. हडळ ओरडली तशी लोकं हसून हसून लोळली. केणेभाऊ मागे उभे होते. मला म्हणाले, "ताई, आपण हे घाबरवायला लिहिलं होतं."

पण खरी गंमत पुढे. जनीआयचा पोरगा मरत नाही म्हटल्यावर बाकीच्या आया काय स्वस्थ बसतायत? पप्पू कुणाला काम द्यायला गेला की घरातून पहिला प्रश्न, "मरायचं हाय का? मग न्हाय." एक म्हातारबाबा तयार झाले, तर सुना आडव्या आल्या. एक भजनी बुवा म्हणाले, मरतो, पण बसूनच मरेन आणि डोळे उघडे ठेवीन. मग केणेभाऊंनी नादच सोडला. त्यांच्या पिक्चरमध्ये खवीस एकेकाला धरायचा आणि पुढच्या सीनला तो माणूस वापीला नोकरीला लागलेला असायचा. कुणी नाशिकला, कुणी सुरतेला. एकाच्या घरच्यांनी तर भांडून त्याला दुबईला पाठवायला लावलं. शेवटी उरलेले सगळे पंगतीला बसायचे, कारण दुसरं करणार काय? मंजू म्हणायची ते हेच.

माणूस मात्र कधी चिडायचा नाही. मी असते तर बिल्टीबुक फेकलं असतं तोंडावर. 'हडळीचं हळदीकुंकू'च्या वेळी अर्धा पिक्चर झाला आणि गोदामाच्या दारात ट्रक येऊन लागले. भाडेकरूचा माल लवकर आला होता, वॉशिंग मशीनची खोकी. हडळीचा महाल पत्र्यापर्यंत खोक्यांनी भरला. पप्पू डोकं धरून बसला. केणेभाऊ एका खोक्यावर चढून बसले, खडीसाखर तोंडात टाकली, डोळे मिटले.

"समजा, वारा सुटलाय. हडळ म्हणते, शंभर वर्षं झाली, माझी साडी कुणी धुतली नाही!"

आणि गोष्ट वळली की राव! हडळ माणसं छळते कशासाठी, तर तिला स्वच्छ व्हायचंय. शेवटी हिरोइन तिची साडी धुऊन देते आणि हडळ सुधारते. मला मेलीला एका दिवसात दुसरा पांढराशुभ्र झगा शिवावा लागला, त्यालाच साडी म्हणायचं. खोकी उघडायची परवानगी नव्हती, म्हणून हडळ खोक्याकडे नुसती बोट दाखवते आणि लगेच धुतलेली दिसते. आमच्या भागातल्या बायकांना हा पिक्चर फार आवडला. एक बाई मला म्हणाली, बाकी सगळं खोटं असेल, पण शंभर वर्षं कुणी साडी धुऊन दिली नाही हे अगदी खरं वाटतं.

आता तो अन्वर. केणेभाऊंना एक तरी माणूस मारायचा होता, आणि अन्वर आपण होऊन म्हणाला, "हमको मार दो ना भाई. हमारी अम्मी तो मुलुक में है, उनको क्या पता चलेगा." सगळ्यांना पटलं. वळच्या आया काही म्हणणार नव्हत्या, कारण तो त्यांचा पोरगा नव्हता, आणि त्याची आई दोन दिवसांच्या वाटेवर. अन्वर खविसाच्या हातून मेला आणि झकास मेला. पप्पूनं हौसेनं तेवढाच तुकडा कापून सगळ्यांना मोबाइलवर पाठवला.

तो तुकडा फिरत फिरत अन्वरच्या गावात पोचला. मागची-पुढची गोष्ट गायब. नुसता अन्वर पोत्यांवर पडलेला, तोंडातून रक्त, म्हणजे आमच्या घरचं कोकमाचं सार. गावात रडारड झाली. त्याचा चुलता आणि दोघे भाऊ भिवंडीला निघालेसुद्धा. अन्वरनं घाबरून व्हिडिओ कॉल लावला, तर आई फोनकडे बघून किंचाळली, "ये तो भूत है!" आणि तिनं फोनच पालथा घातला. चुलता येऊन त्याला चिमटे काढून गेला, तेव्हा कुठे मिटलं. पण आई म्हणाली, ज्या पिक्चरमध्ये मेला त्याच पिक्चरमध्ये जिवंत दाखवा, तरच माझा विश्वास. आईचं काळीज, तिला कोण नाही म्हणणार? म्हणून 'समाप्त'नंतर तो भांग पाडून उभा राहिला. केणेभाऊंचे सगळे पिक्चर लोक विसरले आणि तेवढंच जगाच्या ध्यानात राहिलं. "खाना भी खा लिया है" हे मात्र त्यांनी लिहिलेलं नव्हतं. ते अन्वरनं स्वतःच्या मनानं घातलं. केणेभाऊ म्हणायचे, माझ्या सगळ्या डायलॉगपेक्षा ते चांगलंय. असं दुसऱ्याचं कौतुक करणारा लेखक मी तरी दुसरा बघितला नाही.

त्यानंतर एका दुपारी लाइट गेली. भिवंडीत लाइट गेली की जी शांतता पसरते ती बाहेरच्यांना कळायची नाही. सगळे लूम एकदम गप्प. माझी मशीन गप्प. केणेभाऊ पायरीवर बसले होते. म्हणाले, "ताई, एक सीन सांगू? हा लूमवर सांगता येत नाही, हळू आवाजाचा आहे." त्या दिवशी त्यांनी हात पसरले नाहीत आणि वाराही सुटला नाही.

"समजा, पोरगा वेळेवर पोचला," ते म्हणाले.

मग गोष्ट. म्हातारा बाप ओटीवर निजलाय, शेवटचं चाललंय. पोरगा लांबून धावत येतो. बाप त्याला बघतो. पोरगा त्याच्या तोंडात पाणी घालतो. बाप म्हणतो, आलास ना, बस. आणि जातो. एवढंच. त्यात भूत नव्हतं, कुणी ओरडत नव्हतं.

मी विचारलं, "भाऊ, हे कुठून सुचलं?"

तर म्हणाले, "माझे वडील आमच्या गावी, अंबाडीला वारले तेव्हा मी दापोड्याला होतो. फोन आला तसा निघालो. वाड्याच्या रस्त्याला गाड्या अडकल्या होत्या. मी पोचलो तर सगळं आवरलं होतं. पाणी शेजाऱ्यानं घातलं." चष्मा पुसला. "बाकी कुठले पिक्चर नाही लक्षात राहिले तरी चालेल, ताई. हा एक सीन बघायचाय मला. पडद्यावर तरी पोरगा पोचू दे."

मी म्हटलं, भाऊ, हा सीन झालाच पाहिजे, मग आकाश कोसळो.

पण मरणार कोण? पुन्हा तेच रडगाणं. केणेभाऊ अख्खी पंचक्रोशी फिरले. लोक चहा पाजायचे, आदरानं बसवायचे, आणि मरायचं नाव काढलं की उठून उभे. शेवटी म्हणाले, मीच होतो बाप. हे मंजूच्या कानावर गेलं. ती कणकेच्या हातानं बाहेर आली आणि गल्लीला ऐकू जाईल असं म्हणाली, "कपाळाला कुंकू मी लावते, तुम्ही नाही लावत! माझ्या कुंकवाला हात लावाल तर खबरदार!" केणेभाऊ मान खाली घालून आत गेले. त्यात त्यांची नोकरी संपत आलेली. नंतर अंबाडीला राहायला जायचं ठरलेलं. गोदाम रिकामं होतं ते थोडेच दिवस, आणि तुळशीचं लग्न लागलं की पप्पूचा कॅमेरा पुन्हा हळदीला जाणार. आता झालं तर झालं, नाहीतर कधीच नाही. ते पायरीवर बसायचे बंद झाले, आणि मला मशीन चालवताना उगाच चुकल्यासारखं व्हायचं.

त्याच आठवड्यात मी दत्ताशेठच्या सुनेचे ब्लाउज द्यायला वळला गेले, तर केणेभाऊ अंगणात उभे. दत्ताशेठना सांगत होते, "शेठ, आता माझ्याच्यानं होणार नाही. दुसरा रायटर बघा."

"अहो रायटर, तुमचा तो रडका सीन जाऊ द्या ना खड्ड्यात," दत्ताशेठ म्हणाले. "त्यात भूत कुठंय? एक भूत टाका, आजच चालू करू."

जनीआय बाजूला सुकट निवडत बसली होती. मान वर न करता म्हणाली, "कंचा सीन? हरी, मना सांग."

केणेभाऊ तिच्यासमोर बसले आणि सांगितला. हळू आवाजात, वडिलांचंही सांगितलं. जनीआयचे हात थांबले. सुपातली सुकट तशीच. सूप बाजूला सारून म्हणाली, "त्यात बापूस कशाला? आय ठेव. मना मार."

"आय!" दत्ताशेठ असे ओरडले की कोंबड्या उडाल्या. "तूच न्हाय म्हणतेस ना मरायला?"

"पोर्‍यांना मारू नको सांगितला. म्हातारीला कोन न्हाय बोलला? माजी जायाची पाली आलीच हाय, मी पिच्चरात जाईन न्हायतं खाटेवर जाईन, तुला काय?" आणि केणेभाऊंकडे वळून, "पन एक हाय. कोन कसा रडतं, ता मना बगायचा हाय."

दुसऱ्या दिवशी शूटिंग. मी कोरं पांढरं कापड घेऊन गेले होते, ते तिनं परत पाठवलं. आपली खाट, आपली गोधडी, आपलं लुगडं घेऊन आली. दत्ताशेठ पोराच्या कामात. साठीचा माणूस, पोट सुटलेलं, धावत आले आणि सवयीनं बोंबलले, "आsss य! मी आलोsss!"

"बहिरी न्हाय मी," जनीआय मरता मरता म्हणाली. "हलू बोल."

पुन्हा घेतला. आता जनीआय मरेचना. लिहिलेलं राहिलं बाजूला, ती आपलंच सांगत सुटली. गोदामाचं शटर वाजतंय त्याला तेल द्या. थोरल्या सुनेनं माझं पातेलं माहेरी नेलंय ते आणा. दत्ता, तू गोड खाऊ नको. पप्पू कॅमेऱ्यामागून हात जोडतोय. शटरपाशी हमाल तोंडावर हात दाबून हसतायत. मीही हसत होते, कशाला खोटं बोलू? केणेभाऊ कॅमेऱ्याच्या बाजूला पाण्याचा तांब्या धरून उभे. वेळ आली की तो दत्ताशेठच्या हातात द्यायचा होता. त्यांचा चेहरा मात्र मला बघवेना. जन्मभर जपलेला सीन, आणि त्याचंही हसंच होत होतं.

जनीआयनं त्यांच्याकडे बघितलं. बोलायची थांबली.

"हरी," ती म्हणाली. "तिथं काय उभा ऱ्हायलास? तू आन पानी. तू पाज."

केणेभाऊ जागचे हलेनात. पप्पू कुजबुजला, "भाऊ, तुम्ही कॅमेऱ्यात येताय."

"तू गप रं!" जनीआय म्हणाली. "ये, हरी."

ते गेले. खाटेपाशी गुडघ्यावर बसले. तांब्या कलंडवला तर अर्धं पाणी गोधडीवर सांडलं. उरलेलं तिनं घेतलं, दोन घोट. मग त्यांच्या डोक्यावर हात ठेवला. "आलास ना. बस हितं." आणि डोळे मिटले.

कुणी 'कट' म्हणालं नाही. हमालांनी डोक्याची फडकी काढून हातात घेतली. मी तर पदर तोंडाला लावून ढसाढसा रडले. केणेभाऊ तसेच बसून, तिचा हात डोक्यावर. शेवटी डोळे मिटूनच जनीआय म्हणाली, "तो पंखा बंद करा कोनीतरी. थंडी वाजतेय मना."

पप्पूनं ते सगळं ठेवलं. पिक्चरमध्ये म्हातारीला मुलगा एक असतो आणि मरताना अचानक दुसराच कुणी चष्मेवाला येऊन पाणी पाजतो. तो कोण, कुठला, काही पत्ता लागत नाही. कुणी विचारलंही नाही. तो सीन झालाच पाहिजे असं मीच म्हटलं होतं, आणि झाला तो असा झाला.

पिक्चर दाखवला त्याच गोदामात, भर दुपारी, शटर ओढून. सगळं वळ सतरंज्यांवर बसलेलं. जनीआय पुढे खुर्चीवर. मंजूही आली होती. मला म्हणाली, मरणारे हे नाहीत ना, मग बघते. म्हातारीचा सीन आला आणि गोदामात कुणी हसलं नाही. केणेभाऊंच्या पिक्चरला पहिल्यांदाच कुणी हसलं नाही. आधी एक हुंदका आला, मग दुसरा, मग सगळं गोदामच रडायला लागलं. आणि जनीआय? ती पडद्याकडे बघतच नव्हती. खुर्चीत मागे वळून, डोळे बारीक करून, कोण रडतंय ते बघत होती. मंजूनं माझा हात एवढा घट्ट धरला की बांगडी रुतली. म्हणाली, "अगं, यांना हे लिहिता येत होतं?"

त्यानंतर आठवड्याभरात ते दोघं अंबाडीला गेले. आता मंजूचा फोन येतो. भाऊ वांगी लावतात, लिहीत नाहीत म्हणे. जनीआय ठणठणीत आहे. पण केणेभाऊ म्हटलं की मला ते त्या दुपारचेच दिसतात. पिक्चर संपला, शटर वर गेलं, लोक डोळे पुसत उन्हात गेले. केणेभाऊ माल उतरवायच्या ओट्यावर बसून लहान पोरासारखे रडत होते. मी आणि मंजू नुसत्या बाजूला उभ्या. तेवढ्यात काठी टेकत जनीआय आली आणि त्यांच्यासमोर उभी राहिली.

"रडतोस कशाला रं? मी हाय ना जित्ती?"

"हो आय," ते म्हणाले, आणि आणखीच रडायला लागले.

"पुरं आता. पुडचे पिच्चरात मना परत आन."

केणेभाऊंनी चष्मा काढला. "आय, मेलेलं माणूस परत कसं आणू?"

"आता बया! भुताचा रायटर हाय ना तू?"

केणेभाऊंनी नाक पुसलं, सरकून तिला ओट्यावर जागा केली आणि विचारलं, "पहिलं कुणाला धरायचं, आय?"

"दत्ताला!" जनीआय काठी आपटत म्हणाली. "मेल्यानं आयचे मरनाला दोनच थेंब काडलं!"

"आय, अगं माझे डोळे सुकलेले..." मागून दत्ताशेठ कळवळले, पण ऐकतंय कोण? केणेभाऊ हसत सुटले होते. डोळ्यांतलं पाणी खळत नव्हतं आणि हसू थांबत नव्हतं. मंजू त्यांच्या पाठीवरून हात फिरवत म्हणत होती, "अहो, हळू हळू, ठसका लागेल."